सिमेंट कारखाना, भाग दोन

"टेलिफोनचं ते रीळ आता शोधू नका, बाई. यादीतून काढून टाका," मुंगी म्हणाली आणि ओढणीच्या टोकाने चष्मा पुसायला लागली. मी टेबलावर एक रीळ हाताने गुंडाळत होते. कुठल्याशा धरणाचा पाया, माणसं टोपल्यांतून माती नेताहेत, दहा मिनिटं तीच माणसं आणि तीच माती. हँडल फिरवणारा माझा हात थांबला नाही. हात पस्तीस वर्षांचा सरावलेला आहे, माझ्यापेक्षा शहाणा. "का गं?" मी विचारलं. "आईचे डोळे गेले. उजेड कुठे आणि अंधार कुठे एवढं कळतं, बस. आता रीळ मिळालं तरी दाखवणार कुणाला?" तिने चष्मा डोळ्यांवर चढवला आणि माझ्याकडे बघून हसली. "नऊ वर्षं तुम्ही शोधलंत. फार त्रास दिला तुम्हाला." मग लगेच कामाचा कागद पुढे सरकवला. एका माहितीपटासाठी तिला पुराची दृश्यं हवी होती, होड्या आणि छपरावरची माणसं, जमलं तर रंगीत. मी बघते म्हटलं. तिच्या पाठीमागे, तिने नुसता हात लांब केला असता तर लागलं असतं अशा लाकडी कपाटात, टेलिफोनचं ते रीळ होतं.

मुंगी हे नाव मीच ठेवलेलं. सिनेमावाल्यांना जुनी दृश्यं शोधून द्यायची हा तिचा धंदा. कुणाला पन्नास वर्षांपूर्वीचा बाजार हवा असतो, कुणाला वाफेचं इंजिन, कुणाला नुसतीच गर्दी. साखर कुठेही ठेवा, मुंगी पोचते. तिने रजिस्टरं वाचायला बसून चहा गार केला नाही असा एक दिवस मला आठवत नाही. मला ती आवडते. आमच्याकडे येणारे बाकीचे लोक डब्यांकडे असे बघतात की जणू आम्ही ते त्यांच्यासाठीच दडपून ठेवलेत. हिला मात्र माहीत आहे की रीळ म्हणजे आजारी माणूस, त्याला उठवायचं तर कारण पाहिजे. पहिल्या भेटीतच, काम झाल्यावर, दारात घुटमळत तिने विचारलं होतं, "बाई, एक घरचं काम सांगू? माझी आई टेलिफोनात होती. तरुणपणी. तेव्हा बातम्यांच्या रिळासाठी शूटिंग झालं होतं म्हणते तिथे. तिने ते कधी पाहिलंच नाही." मी रजिस्टर उघडून तिला दाखवलं. टेलिफोन केंद्र, बातमीपट, एक डबा. शेरा: जागेवर नाही. अक्षर माझंच होतं. "सापडलं तर कळवीन," मी म्हणाले. चेहरा आमच्या धंद्यात कुणी बघत नाही, सगळे डब्यांकडेच बघतात. त्यानंतर ती दर दोन-तीन महिन्यांनी विचारायची, सहज, जाता जाता. स्कॅनरवाला, म्हणजे पलीकडच्या खोलीत रिळांची संगणकावर प्रत काढणारा आमचा माणूस, एकदा तिच्यासमोर म्हणाला होता, "काखेत कळसा आणि गावाला वळसा असणार बघा, इथेच कुठेतरी निघेल." आम्ही तिघं हसलो होतो. मीही हसले होते.

मी सहा वर्षांची असताना ताई गेली. ती माझ्याहून चौदा वर्षांनी मोठी. मधली दोन भावंडं जगली नाहीत, त्यामुळे आमच्या दोघींच्या मध्ये एक मोठा रिकामा जिना होता. शहरात टेलिफोनात तिला फोन जोडून द्यायची नोकरी लागली, ती मुलींच्या वसतिगृहात राहायला गेली आणि वर्षाच्या आत टायफॉइडने गेली. घरी आणलीच नाही. आईने तिच्या सगळ्या वस्तू देऊन टाकल्या, फोटो होता एकच, शाळेतला, चाळीस मुलींच्या रांगेत बोटाच्या नखाएवढा चेहरा, तोही पुढे वाळवीने खाल्ला. ताईचं म्हणून माझ्याकडे उरलं ते इतकंच: एक थंडगार हात, जो माझी वेणी घालायचा आणि "हलू नकोस" म्हणायचा. आवाजसुद्धा नाही. फक्त शब्द. आणि मग बाबा मला सिनेमाला घेऊन गेले. ती जाऊन तीन महिने झाले असतील. बसने गेलो, थिएटर खच्चून भरलेलं, आमच्या पुढच्या बाकावर एक दांडगा उंच माणूस, त्याच्या डोक्याच्या उजवीकडून जेवढा पडदा दिसेल तेवढा मी बघत होते. आधी बातम्या लागल्या. कुणीतरी फीत कापली, कुठेतरी जहाज पाण्यात सोडलं, आणि मग एकदम एक लांबलचक खोली, मुलींच्या रांगा, भिंतभर भोकं आणि दोऱ्या. बाबांनी हात वर केला. "ती बघ," ते म्हणाले. "ती बघ, ताई." आणि मला दिसली. मान वळवून, सगळ्या थिएटरकडे बघून, हसणारी. ती काहीतरी बोललीसुद्धा. मग बैल आले, बैलांची शर्यत. बाबा उठले, माझा हात धरून बाहेर आले, सिनेमा बघितलाच नाही. बस येईपर्यंत ते खांबाला टेकून रडले. नंतर कळलं की त्या आठवड्यात ते सहा वेळा जाऊन आले होते.

बाबा मी कॉलेजात असताना गेले, नाहीतर मीच शोधून त्यांना दाखवलं असतं. ही नोकरी मी ताईसाठी धरली असं मी कुणाला सांगितलेलं नाही. जुन्या रिळांच्या संग्रहालयात बाई कशाला, असं तेव्हा लोक विचारायचे, आणि मी म्हणायचे, सरकारी आहे, पेन्शन आहे. कामाला लागल्यावर तिसऱ्या वर्षी तो डबा माझ्या हातात आला. मी नियमाने कामाला लागले: पांढरे हातमोजे, भिंग, कडेची भोकं तपासायची, फाटलेली सांधायची, किती फूट ते मोजायचं, डब्यात नाक घालून वास घ्यायचा. रीळ सडायला लागलं की आधी वास येतो, व्हिनेगरसारखा, आणि तो माझ्याइतका लवकर कुणाला येत नाही. मला इथे नाकवाल्या बाई म्हणतात. त्या रिळाला तेव्हा काही वास नव्हता. जहाज गेलं, आणि खालच्या दिव्याच्या उजेडात, चौकटीमागून चौकट, ती मान वळवायला लागली. अकरा सेकंद. दोनशे चौसष्ट चौकटी. आधी डोळे येतात, मग हनुवटी. वरचा एक दात शेजारच्यावर चढलेला. कानामागे पेन्सिल. कपाळावरची बट ती फुंकरीने उडवते, हसते, आणि ओठांतून एक छोटा शब्द निघतो. मी टेबलाखाली पाय आवळून बसले होते, इतके की नंतर उठता येईना. ओठ दोनदा उघडतात आणि मिटतात. रिळाला आवाज नाही, आवाज वेगळ्या फितीवर असायचा आणि ती कधीच गेली होती. तो शब्द माझं लाडकं नाव आहे असं मी ठरवून टाकलं. बसतही होतं बरोबर.

आमच्याकडे रजिस्टरात वर्णन लिहायची एक रीत आहे. वर्तमानकाळात लिहायचं, दिसतं तेवढंच लिहायचं, विशेषणं नाहीत, अंदाज नाही. 'सुंदर' नाही, 'दुःखी' नाही. बाई विहिरीतून पाणी काढते. मंत्री हात हलवतो. नवी माणसं कंटाळतात, मला ही रीत पहिल्या दिवसापासून आवडली, कारण आमच्या रजिस्टरात कुणी मेलेलं नाही. सगळे आपापलं काम करताहेत. त्या दिवशी मी लिहिलं: मुलगी मान वळवते, हसते, बोलते. आणि मग मी चोरी केली. एकदम नाही केली. त्याच महिन्यात आमच्याकडच्या एका रिळातली परिचारिका बिस्किटाच्या जाहिरातीत आली होती. खरीखुरी बाई, साथीच्या वर्षात तंबूत काम करणारी, तिच्या तोंडावर गाणं चढवलेलं आणि खाली बिस्किटाचा पुडा. मला रात्रभर झोप आली नाही. माझी ताई कुणाच्या तरी साबणासाठी हसणार, हे मला चालणार नव्हतं. मी रीळ काढलं, दुसऱ्या रिकाम्या डब्यात घातलं, वर लिहिलं 'सिमेंट कारखाना, भाग दोन'. भाग एकच कुणी मागत नाही, तर भाग दोन कोण मागतंय. आणि डबा थंड खोलीत न ठेवता माझ्या कपाटात ठेवला. थंड खोलीतून रीळ काढायचं तर सही लागते, आणि काढल्यावर एक अख्खा दिवस ते बाहेरच्या हवेत निवांत ठेवावं लागतं, नाहीतर त्याला घाम फुटतो. मला ताईला भेटायला एक दिवस थांबायचं नव्हतं. एवढंच कारण. नव्या मुलांना मीच शिकवते की रिळाला ऊब म्हणजे विष, आणि माझं स्वतःचं रीळ मी बत्तीस वर्षं उबेत ठेवलं. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा.

दर वर्षी तिच्या तारखेला मी ते चालवायची. नंतर वाढदिवसालाही. मग कधी आई आजारी असताना, कधी माझं लग्न मोडलं तेव्हा, कधी उगीच. एकमेव प्रत चालवायची नसते. चालवली की झिजते, प्रत्येक वेळी एक बारीक ओरखडा, भोकांची एखादी कड. मी तिला बघून बघून झिजवत होते आणि मला ते कळत होतं. आरशात मी तिचा दात शोधायची. मी हसले की उजवा गाल वर जातो, तिचाही जातो, असं मला वाटायचं. एकदा आईला विचारलं, ताई कशी हसायची गं? आई भाजी निवडत होती. म्हणाली, "ती कुठली हसतेय. ती कामाची होती." मला आईची कीव आली. इतकं दुःख झालं की बिचारी हसणंही विसरली, असं मी मनाशी म्हटलं आणि विषय सोडला. मुंगीच्या आईला जाऊन विचारावं असं कितीदा मनात आलं. तिने ताईला पाहिलं असणार, शेजारी बसली असणार. पण मग रीळ दाखवावं लागलं असतं. आणि खरं सांगायचं तर ताईबद्दल दुसऱ्या कुणी मला काही सांगावं हेच मला नको होतं. तिला मी ओळखत होते. दोनशे चौसष्ट चौकटी, एकेक, पाठ.

सहा वर्षांपूर्वी सगळ्या रिळांच्या प्रती काढायची योजना आली. याद्या झाल्या. 'सिमेंट कारखाना, भाग दोन' आठव्या टप्प्यात गेलं, म्हणजे कधीच नाही. मी एक शब्द बोलले असते तर पहिल्या टप्प्यात आलं असतं. झाकली मूठ. आणि तीन वर्षांपूर्वी, तिच्या तारखेला, मी झाकण उघडलं आणि मला वास आला. अगदी पुसट. मी झाकण लावलं. माझ्या हाताला आधीच्या रिळाचा वास असेल, मी स्वतःला सांगितलं. ज्या नाकावर सगळं खातं चालतं, त्या नाकाला मी खोटं ठरवलं. त्यानंतर डबा उघडला नाही. छातीतली गाठ दाखवायला न जाणारी माणसं असतात, तशी मी त्या कपाटाला पाठ करून बसायची. आणि आता ही मुंगी पुराची दृश्यं मागून, माझे आभार मानून, निघून गेली होती.

तिच्या पावलांचा आवाज जिन्यात संपल्यावर मी कपाट उघडलं. झाकण निघेना, सुरीने कडा सोडवली. वास असा आला की पलीकडून स्कॅनरवाला धावत आला. "हे काय, बाई?" आत रीळ नव्हतंच, एक वडी होती. कडा वाळलेल्या पापडासारख्या वर आलेल्या, मधोमध चिकट, काळपट. वर लिहिलेलं वाचून तो म्हणाला, "जाऊ द्या, सिमेंट तर आहे." मी म्हणाले, हे सिमेंट नाही. पुढे काही सांगितलं नाही, त्यानेही विचारलं नाही. मग दिवसभर आम्ही दोघं त्या वडीवर वाकून होतो. बोथट पातं सरकवायचं, एक पदर सुटला तर सुटला, बहुतेक तुटायचाच. ज्या बाजूला ओल शिरली होती तिथे चित्र पदरावरून सरकून गेलं होतं, चौकटीचा उजवा भाग बहुतेक सगळीकडे वितळलेला. म्हणजे ती. जवळजवळ प्रत्येक चौकटीत जिथे तिचा चेहरा असायचा तिथे डाग. डावीकडची कड बरी होती, भिंत, बोर्ड, कुणाची तरी पाठ. ते बघून माझा संतापच झाला की नको ते तेवढं राहिलं. शेवटी सहा चौकटी मिळाल्या, ज्यांत तिचे डोळे आणि दातापर्यंतचा चेहरा होता. मी त्या कात्रीने कापून पाकिटात घातल्या. बाकी सगळे तुकडे सडक्या फिल्मच्या करड्या पिशवीत. "हे सगळं टाकायचं?" त्याने विचारलं. "टाका," मी म्हणाले. मग तोंड धुवायला गेले आणि नळ सोडून रडले. बावन्न वर्षांपूर्वी मला रडता आलं नव्हतं. आता ती दुसऱ्यांदा गेली होती, आणि या वेळी टायफॉइड नव्हता, मी होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी मुंगीला फोन केला. रीळ सापडलं, म्हटलं, पण हाती लागलं तेव्हा सडलेलं होतं. तरी त्यात काय आहे ते मला माहीत आहे, आईंना सांगायला येऊ का? ती एवढी खूश झाली की लगेच पत्ता सांगायला लागली. त्यांचं घर तिसऱ्या मजल्यावर. खिडकीपाशी वेताची खुर्ची, तिच्यात एक नीटनेटकी म्हातारी, केस घट्ट बांधलेले, हात मांडीवर एकावर एक. मी नमस्कार म्हणत शिरले तशी तिने मान बरोबर माझ्या बाजूला वळवली. "या. आवाजावरून उंची कळते मला. तुम्ही बुटक्या आहात," ती म्हणाली. "आई!" मुंगी ओरडली. "अगं, पंचवीस वर्षं नुसते आवाज ऐकले मी. तेवढं तरी येऊ दे मला." तिने मला हाताला धरून बसवलं. "बोला. लाइन मोकळी आहे."

मी डोळे मिटले आणि रजिस्टरात लिहितात तसं सांगायला लागले. "लांब खोली. भिंतीला बोर्ड, बोर्डावर दिवे. मुली एका रांगेत बसल्या आहेत. कॅमेरा डावीकडून येतो. डावीकडे एक मुलगी पाठमोरी. उजवीकडची मुलगी मान वळवते." आणि मग मी सगळं सांगितलं. आधी डोळे, मग हनुवटी. कानामागची पेन्सिल, फुंकर, बट. मी दात सांगितला. हे सगळं मी आयुष्यात पहिल्यांदा मोठ्याने बोलत होते. डोळे उघडले तर म्हातारीचा हात तोंडावर गेला होता आणि तिचे खांदे हलत होते. मला वाटलं रडतेय. ती हसत होती. "अगं बाई. तो दात! चाळिशीत काढून टाकला मी. ही मी गं, मीच. सगळ्यांत पुढेपुढे करणारी मीच होते." मुंगी तिच्या पायाशी बसली आणि तिच्या गुडघ्यावर डोकं ठेवलं. "आणि मी काहीतरी बोलते ना शेवटी?" म्हातारी म्हणाली. "बोलते," मी म्हणाले. "'झालं का?' पाच वेळा वळायला लावलं होतं त्या कॅमेरावाल्याने. मान आखडली. मी विचारलं, झालं का?"

खोलीत पंखा फिरत होता. मला आठवतं की मी पंख्याची पाती मोजली, तीन होती. झालं का. ओठ दोनदा उघडतात आणि मिटतात. बसत होतं बरोबर. "त्या वर्षी," मी म्हणाले, "तुमच्यातली एक मुलगी तापाने गेली का?" "सतरा नंबर," ती लगेच म्हणाली. "आम्ही एकमेकींना खुर्चीच्या नंबरानेच हाक मारायचो. माझा अठरा. ती माझ्या डाव्या हाताला. तुम्ही आत्ता म्हणालात ना, पाठमोरी? तीच असणार. साहेब ओरडत होता, सगळ्यांनी इकडे बघून हसायचं आहे, आणि ही वळेना. तिच्या बोर्डावर कुणीतरी होतं. बायको दवाखान्यात असलेला कुणी माणूस, गावचा नंबर लागत नव्हता. म्हणाली, लाइनवर माणूस आहे, त्याला टांगून ठेवून मी हसू कशी? पाच वेळा शूटिंग झालं, पाचही वेळा पाठ. दोन महिन्यांत गेली. तिची खुर्ची आम्ही आठ दिवस कुणाला दिली नाही, तिचे फोन वाटून घेतले."

पुढच्या बाकावरच्या दांडग्या माणसाचं डोकं मला दिसत होतं, त्याच्या मानेवरचे केससुद्धा. त्याच्या डोक्याने पडद्याची डावी बाजू झाकली होती. बाबांचं बोट बरोबर होतं. म्हातारीला बोलायला हुरूप आला होता. "तशी ती हसायची नाही फारशी. पण घरी एक धाकटी बहीण होती तिची, सगळं हुंगायची म्हणे. ताट हुंगायची, वह्या हुंगायची, पाहुण्यांच्या चपला हुंगायची. तिची नक्कल करून दाखवायची आम्हाला सुट्टीत, नाक असं पुढे काढून. तेव्हा मात्र इतकी हसायची की डोळ्यांतून पाणी यायचं." तिने माझा हात दाबला. "तुम्ही एवढं बारीक सांगितलंत माझं. तिचंही सांगा ना. काय करत असते ती? हात कुठे असतात तिचे? वेणी पुढे घेतलेली की मागे? मागेच असायची म्हणा. सांगा." मी तोंड उघडलं. दोनशे चौसष्ट चौकटी मी एकोणतीस वर्षं बघितल्या होत्या, शंभर वेळा, दोनशे वेळा. डावीकडे मी एकदाही बघितलं नव्हतं. "आठवत नाही," मी म्हणाले.

मुंगी मला सोडायला जिन्यापर्यंत आली. तिचे डोळे लाल होते आणि ती माझा हात सोडत नव्हती, असं कुणी कुणासाठी करत नाही, बाई, म्हणत होती. मी म्हणाले, "रीळ हरवलं नव्हतं. माझ्या कपाटात होतं. पहिल्यापासून." तिला आधी समजलंच नाही. मी परत सांगितलं. खालच्या मजल्यावर कुणीतरी दार लावलं, कडी घातली. "का?" तिने विचारलं. मी सांगितलं. बहीण, बिस्किटाची जाहिरात, सगळं, घाईघाईने, एका पायरीवर उभी राहून. ती ऐकत होती, पण तिचं लक्ष हिशेबात होतं. "नऊ वर्षं," ती म्हणाली. "त्यातली सात वर्षं तिला दिसत होतं. चष्म्याशिवाय पेपर वाचायची ती, बाई." मी मान हलवली. तिने माझा हात सोडला, झटकला नाही, नुसता सोडला, आणि वर निघून गेली. तिने काहीतरी वाईट बोलायला हवं होतं.

संग्रहालयात परतले तेव्हा करडी पिशवी अजून मागच्या दाराशी होती, तोंड बांधून, न्यायला येणाऱ्या गाडीची वाट बघत. मी ती उचलून परत टेबलावर आणली. स्कॅनरवाला दारात येऊन उभा राहिला, माझ्या चेहऱ्याकडे बघितलं आणि दुसरं भिंग घेऊन समोर बसला. आम्ही तुकडे एकेक करून उजेडावर धरले. बरेच काल माझ्याच हाताने मोडले होते. जहाजाचा अर्धा, बैलांचे पाय, मग नुसता डाग, नुसता डाग. दुपारी त्याने एक तुकडा माझ्यापुढे सरकवला. "हे असेल का?" तीन चौकटी, सेकंदाचा आठवा भाग. उजवीकडे काही नाही. डावीकडे एक पाठ. वेणी मागे, सरळ, घट्ट. पोलक्याची शिवण खांद्यावर जरा उसवलेली आणि पुन्हा घातलेली. डावा हात कानावरच्या यंत्रावर दाबलेला, उजव्या हातात दोरी, आणि पहिल्या चौकटीतून तिसऱ्या चौकटीत जाताना तो हात केसभर वर जातो. मी भिंग डोळ्याला लावून बसले. हा थंड हात मला माहीत होता. कुठेही ओळखला असता, बघितला असता तर. ताई, मी म्हणाले. ती वळली नाही.

स्कॅनरवाल्याने तुकडा दोन काचांच्या मध्ये बसवला आणि रजिस्टर आणलं. जुना शेरा मी लाल रेघेने खोडला, 'जागेवर नाही', आणि खाली माझी सही केली, कुणी विचारलं तर सांगता यावं म्हणून. मुलगी मान वळवते, हसते, बोलते, या ओळीपुढे मी 'अठरा नंबर' लिहिलं आणि 'सहा चौकटी शिल्लक, प्रत तिच्या मुलीकडे पाठवावी' असं लिहिलं. मग नवी ओळ. दिसतं तेवढंच लिहायचं, अंदाज नाही, विशेषणं नाहीत. पेन किती वेळ धरून बसले कोण जाणे. तो बिचारा शाईचा डबा उगीच इकडून तिकडे करत राहिला. शेवटी लिहिलं: तीन चौकटी. सतरा नंबर, पाठमोरी. माझी बहीण. लाइनवर माणूस आहे.